चुकलेला चेहरा

"अजून नाही," म्हणत बाई उजवा हात वर धरायच्या. पडद्यावरचं माणूस बोलून थांबलेलं असायचं, मी कट करायला टपलेली. बाई त्या माणसाचा श्वास पूर्ण होऊ द्यायच्या, मग हात खाली यायचा. तिथे कापलं की दृश्यात कसा जीव यायचा, ते तुम्ही बघायला हवं होतं.

बाई फ्रेंच. पॅरिसमध्ये कात्री आणि चिकटपट्टीने फिल्म जोडायला शिकल्या, लग्न करून अमेरिकेत आल्या आणि नवरा गेल्यावरही इथेच राहिल्या. चाळीस वर्षं दुसऱ्यांच्या सिनेमांचं एडिटिंग केलं. मी त्यांची असिस्टंट, न्यू जर्सीतल्या एडिसनहून ट्रेनने न्यूयॉर्कला जायची. माझा डबा उघडला की म्हणायच्या, "तुझ्या भाजीत मसाला फार, गोष्ट कमी." आणि अर्धी भाजी स्वतःच संपवायच्या.

शेवटचं काम टेक्सासमधल्या एका आईवरची डॉक्युमेंटरी. तिची धाकटी मुलगी पुरात वाहून गेली होती. घरच्या जुन्या व्हिडिओंत दोघी बहिणी बऱ्याचशा सारख्या दिसायच्या. त्या दिवसांत बाई मान तिरकी करून पडद्याकडे बघत. शेवटी त्यांनी धाकटीचं म्हणून जे हसू लावलं, ते थोरलीचं होतं.

मला ते दिसलं. घरी नवऱ्याला सांगितलं, तर तो म्हणाला, "अगं, चाळीस वर्षं करतायत त्या. तू व्हिसावर आहेस यार, गप्प बस."

मी गप्प बसले.

फिल्म आधी त्या आईला दाखवली. शेवटचं हसू आलं तशी ती हळूच म्हणाली, "ही ती नाही. ही माझी मोठी."

दिवे लागले. बाई उठल्या, खुर्च्या चाचपत तिच्यापर्यंत गेल्या आणि नुसतं "माफ करा, माफ करा" म्हणत राहिल्या. मग त्यांनीच सांगितलं, तेव्हा आम्हाला कळलं. त्यांच्या नजरेच्या मधोमध डाग पडला होता, फक्त कडेकडेचं दिसायचं. काम जाईल म्हणून त्यांनी कुणाला सांगितलं नव्हतं.

"एक दिवस द्या, मीच दुरुस्त करते," त्यांनी निर्मात्याला हात जोडले. त्याने काम माझ्याकडे दिलं.

त्यांचा भाऊ त्यांना फ्रान्सला न्यायला आला, तेव्हा मी भेटायला गेले. सामान बांधून झालं होतं.

"तुला दिसलं होतं ना?" त्यांनी विचारलं.

"हो."

"मग?"

"तुमचा मान..."

"मान?" त्यांचा आवाज फाटला. "मला डोळे हवे होते गं!"

विमानतळावर त्या व्हीलचेअरवर होत्या. आत जाताना मागे वळून त्यांनी हात हलवला, माझ्या शेजारी उभ्या असलेल्या एका अनोळखी बाईकडे बघून. मी धावत तिच्या पुढे जाऊन उभी राहिले. तोवर खुर्ची वळली होती.