बक्षीसपत्रातली बाई

आमचं घर वेल्ह्याजवळच्या पालीत, म्हणजे बायकोच्या माहेरी. सासऱ्यानं लग्नाआधीच जागा तिला बक्षीसपत्र करून दिली आणि मी घरजावई झालो. लोक हसले. हसू देत, भिंती मी बांधल्या. पोरबाळ झालं नाही. यंदा माघात ती गेली.

तेरावं उरकून ग्रामपंचायतीत घरपट्टी भरायला गेलो. दरवर्षी तीच जायची. कारकून म्हणाला, "आजोबा, पट्टी भरली की. तुमच्या मेव्हण्याच्या थोरल्यानं. घर त्याच्या नावावर करायचा अर्जबी दिलाय."

तसाच त्याच्या दारात गेलो. तो खाटेवरनं उठलासुद्धा नाही.

"मामा, आत्याला पोर न्हाई. जागा आज्याची, ती आमच्याकडंच येणार. तुमाला कोण हाकलतंय? ऱ्हावा की."

"माझ्याच घरात मला ऱ्हावा म्हनतोस व्हय रं?"

ग्रामसेवक माणूस बरा. त्यानं समजावलं, "पट्टी भरली म्हणून कोणी मालक होत नाही. जागा वडिलांकडून वारशानं आली असती, तर पोरबाळ नाही म्हणून माहेरी परत गेली असती. पण ही बक्षीस दिलेली, म्हणजे तिची. तिच्यामागं तुमची. कागद आणा."

कागद पेटीत होता. नेला, तर त्यावर तिचं माहेरचं नाव. आधार, रेशनकार्ड, मृत्यूचा दाखला, सगळ्यावर सासरचं. ग्रामसेवक म्हणाला, "ही बाई नि ती बाई एकच, हे कशावरून?"

घोळ माझ्याच हातचा. आमच्यात लग्नात नवरा ताटातल्या तांदळावर अंगठीनं बायकोचं नवं नाव लिहितो. मी दुसरीतनं शाळा सोडलेली. पहिलंच अक्षर चुकलं, भटजीनं पुसून परत लिहायला लावलं. एवढं करून कागदाबाहेर ते नाव वापरलं कुणी? मी 'अगं' म्हणायचो. ती राहिली माहेरातच, गावाला तिचं जुनंच नाव ठाऊक.

दोन्ही नावांची बाई एकच, असं सख्ख्या भावानं प्रतिज्ञापत्र केलं तर चालेल, ग्रामसेवकच म्हणाला. भाऊ म्हणजे माझा मेव्हणा, अर्ज करणाऱ्याचा बाप. सांगून आलो. तो हो म्हणाला नाही, नाही म्हणाला नाही. सकाळी बघतो तर धुतलेली टोपी घालून एसटीच्या थांब्यावर हजर.

"दाजी, कागदं घेतली का सगळी?"

वेल्ह्याला तालुक्याच्या कचेरीबाहेर टायपिंगवाला बसतो. त्यानं विचारलं, "बहिणीचं सासरचं नाव?"

मेव्हण्याला माहीतच नव्हतं. "दाजी, तुमी सांगा की."

माझ्या तोंडातनं निघेना. लग्नात उखाण्यात एकदा घेतलं होतं, तेवढंच.

"आजोबा, मागं रांग आहे."

सांगितलं. त्याला ऐकू गेलं नाही, म्हणून मोठ्यानं परत सांगितलं. मेव्हण्यानं सही ठोकली. म्हणाला, "घरी थोरला बोंबलंल. बोंबलू दे. बहीण माजी हुती, त्याची न्हवं."

नोंद माझ्या नावावर झाली. थोरल्यानं बोलणं टाकलंय. मेव्हणा मात्र रोज ओट्यावर येऊन बसतो. परवा म्हणाला, "नाव ब्येस ठेवलं हुतं, दाजी. एकदा तरी हाक मारायची."

"तिनं ओ दिली नसती," मी म्हणालो. "तिला वाटलं असतं, दुसऱ्याच कुणाला बोलावतोय."