तांदळाच्या डब्यातली अन्नपूर्णा

आई गेली तेव्हा मला जपानहून वेळेत पोचता आलं नाही. तेव्हापासून देवावर रुसलेच होते म्हणा ना. दिवा लावायची, पण सवयीनं. लग्नात आईनं दिलेली पितळेची अन्नपूर्णा मात्र जिवापाड जपली होती. सांगलीच्या आमच्या स्वयंपाकघरात आई देवीच्या वाटीतले तांदूळ बदलायची, तेव्हा माझ्या हातून दाणे सांडले की म्हणायची, "अन्न पायदळी येऊ देऊ नये गं." तो आवाज अजून कानात आहे.

मागच्या वर्षी टोकियोच्या वेशीबाहेरच्या कावागुचीतलं जुनं भाड्याचं घर सोडून मी, नवरा आणि लेक असे तिघं टोकियोत फुनाबोरीला आलो. मालक ते घर पाडणार होता. सामान बांधताना देवीला धक्का लागू नये म्हणून मी तिला तांदळाच्या डब्यात खोल पुरून ठेवली आणि नवऱ्याला सांगायलाच विसरले. तांदळात किडे दिसले म्हणून त्यानं डबा तिथंच ओट्याखाली सोडला. हे मला कळलं आठवड्यानं. मी त्याला नाही नाही ते बोलले. खरं तर चूक माझी होती.

दुसऱ्या दिवशी सकाळीच कावागुची गाठलं, तर घराच्या जागी सपाट माती. मी रस्त्यावर उभी राहून रडले. आईची शेवटची खूण मीच घालवली होती. शेजारच्या म्हाताऱ्या मोरी-सान बाहेर आल्या. पाडकामाची माणसं कुर्द होती, त्यातल्या एकानं एक डबा उचलून नेला, त्याची बहीण मागच्या गल्लीत राहते, असं त्या म्हणाल्या. सहा वर्षं तिथं राहून या कुर्द शेजाऱ्यांबद्दल मी फक्त लोकांची कुजबुज ऐकली होती. त्यांच्या घरांवरून जाताना मीही पाय उचलायची. लाज वाटते सांगायला, पण खरं आहे.

दार उघडलं त्या बहिणीनं, झेनेपताईंनी. डोक्याला रुमाल, हाताला कणीक. मी मोडक्या जपानीत डब्याचं विचारलं. त्या मला आत घेऊन गेल्या. उंच फळीवर स्वच्छ फडकं, त्यावर वाटीभर तांदूळ, आणि तांदळावर माझी अन्नपूर्णा. आई बसवायची तशीच.

"ही तांदळातून निघाली," त्या म्हणाल्या. "म्हटलं, तिची जागा तीच असेल. धान्य मातीत जाऊ देऊ नये, असं आमची आई सांगायची. म्हणून भावानं डबा आणला."

मग त्यांनी चहा केला आणि हळूहळू सांगत गेल्या. तुर्कस्तानातलं डोंगरातलं गाव, तिथला जाच, आधी आलेले पुरुष, मागून आलेल्या बायका. भावाला राहायची परवानगी मिळाली. झेनेपताईंचा आश्रयाचा अर्ज मात्र वीस वर्षांत कितीदा तरी फेटाळला गेलेला. काम करायची मुभा नाही, दवाखान्याचं कार्ड नाही. मुली इथंच जन्मल्या, जपानीत भांडतात, पण कागदावर कुठल्याच नाहीत. गावाकडच्या अक्रोडाच्या झाडाबद्दल बोलताना त्या थांबल्या, आणि मला उगाच आमच्या परसातला कढीलिंब आठवला. दोघीही रडलो.

त्या मला स्टेशनवर सोडायला आल्या. आपल्या सवयीनं मी म्हटलं, "ताई, आता तुम्ही आमच्याकडे जेवायला या." त्या तिकिटाच्या फाटकापाशी थांबल्या. पुढचं स्टेशन नदीपलीकडे, म्हणजे टोकियोत. परवानगीच्या कागदाशिवाय त्यांना हा प्रांत ओलांडता येत नाही. हे त्यांनी हसत सांगितलं. मी देवीला छातीशी धरून गाडीत चढले.

आता महिन्यातून एकदा वाटीतले तांदूळ बदलते. काढलेले तांदूळ घेऊन नदी ओलांडते, आणि झेनेपताईंच्या शेगडीवर खीर होते. या वसंतात त्यांचा अर्ज पुन्हा फेटाळला गेला. त्या दिवशीही त्यांनी मला आधी खायला वाढलं.

देवावरचा माझा रुसवा गेला. आईला अखेरचं पाहता आलं नाही, ते दुःख आहेच. पण मी हरवलं ते कुणीतरी आईसारखं उचलून ठेवलं, एवढं मला पुरे आहे. आता अन्नपूर्णेकडे एकच मागणं आहे. ते कधी पुरं करायचं हे तिच्यावर सोडलंय. नवीन घरासाठी ताटं घेतली तेव्हा माणसं तीन होती, मी चार घेतली, एक नदीपलीकडच्या पाहुणीसाठी.