जेलच्या पिक्चरमधला मावसा

आधीच सांगून ठेवतो — मी या असल्या गोष्टींतला माणूस नाही. जन्मभर टीव्ही-रेडिओ दुरुस्त केले. मागचं झाकण उघडलं की आत धूळ, जळकी वायर आणि फार तर एखादी मेलेली पाल निघते, याच्यापलीकडे माझा विश्वास कधी गेला नाही. कुणी चकव्याची गोष्ट सांगायला लागलं की मी तोंडावर हसतो. त्यामुळे इथे हे लिहिणं मलाच जड जातंय. पण तुम्ही सगळे आपापलं सांगता, तर माझंही एक ऐका. पटलं नाही तर सोडून द्या, वाद घालायला मी येणार नाही... येईनही, स्वभावच तसा आहे.

आमचं गाव वसईचं पाचूबंदर. आम्ही ख्रिस्ती कोळी. आईची धाकटी बहीण फिलोमिना, म्हणजे आमची फिलूमावशी, आमच्याच अंगणात समोरच्या घरात राहायची. जिभेला धार अशी की बाजारात तिच्याशी घासाघीस करायला लोक घाबरायचे. आणि तिचा नवरा बस्त्यावमावसा एकदम उलट. दिवसभरात दहा शब्द बोलला तर खूप. मावशी म्हणायची, याच्या वाटचं पण मीच बोलते, म्हणून माजा घसा बसतो.

मावशाचा जाळं शिवायचा हात मात्र अख्ख्या बंदरात प्रसिद्ध. जाळ्यावर प्रत्येकाची बसायची तऱ्हा वेगळी असते, लांबून पाठ बघून आम्ही माणूस ओळखतो. मावसा उजव्या पायाच्या अंगठ्यात जाळं ताणून धरायचा आणि दोरा सुरीने न कापता मान वाकडी करून दाढेने तोडायचा. दात जातील म्हणून मावशी ओरडायची, तो हसून पुन्हा तेच करायचा.

सत्तरचं दशक संपत आलं होतं तेव्हाची गोष्ट. मावसा त्या हंगामात एका गुजराती मालकाच्या बोटीवर खलाशी म्हणून गेला आणि ती बोट परत आली नाही. मालकाचा निरोप आला — वादळात बुडाली, कुणी वाचलं नाही. मावशी रडली नाही. जेवायला बसताना ती मावशाचं ताट रोज मांडायची आणि मग शेजारच्या कुणालातरी बोलावून त्यात जेवायला घालायची. बऱ्याचदा मलाच. माझं वजन त्या वर्षी बरंच वाढलं.

पुढच्या वर्षी, ईस्टरआधीच्या उपवासकाळात किल्ल्यात एका हिंदी पिक्चरचं शूटिंग लागलं. जेलचा पिक्चर. किल्ल्याच्या भिंतीत लोखंडी गज बसवले, टेहळणीचा लाकडी मनोरा उभा केला आणि कैदी म्हणून आम्हा गावातल्या पोरांना घेतलं. मी तेव्हा बावीस वर्षांचा, दाढी वाढवून तयारच होतो. पट्ट्यापट्ट्यांचे कपडे, छातीवर नंबर — आया बघायला आल्या आणि पोटं धरून हसल्या. शुक्रवारी युनिटने मटण आणलं. उपवासकाळातला शुक्रवार, सगळ्या कैद्यांनी ताटं परत केली! मॅनेजरला वाटलं आम्ही संपावर गेलो. शेवटी कुणाच्यातरी घरून पेज आणि लोणचं आलं तेव्हा शूटिंग पुढे गेलं.

डायरेक्टरला कैदी कामाला बसलेले हवे होते. त्याने दगड फोडायला दिले, पण आमच्या लोकांना ते जमेना, सगळे बोटांवर हातोडी मारून घेत होते. मग कुणीतरी बंदरावरून एक फाटकं लांबलचक जाळं आणून टाकलं. ते बघून तो खूश झाला, म्हणाला, समुद्रातल्या बेटावरचं जेल आहे असं समजू. आम्हाला फक्त हात हलवायचे होते. पण कोळ्याच्या हातात फाटकं जाळं दिलं की तो कॅमेरा विसरतो, आम्ही ते खरंच शिवलं. रांगेच्या टोकाला मी होतो. माझ्या पलीकडे कुणी नव्हतं. जाळ्याचं उरलेलं टोक तिथे नुसतं जमिनीवर पडलं होतं, एवढं लक्षात ठेवा.

पिक्चर लागायला वर्षाच्या वर गेलं. तोवर मावशाचा थोरला भाऊ मावशीच्या मागे लागला होता. माणूस वाईट नव्हता, भावासाठी त्याचाही जीव तुटत होता. त्याचं म्हणणं, किती दिवस त्याच्या आत्म्याला लटकत ठेवायचं, चर्चमध्ये त्याच्या नावाने मिस्सा घालू, तू काळं नेस, सगळ्यांना मोकळं कर. मावशी दोन वर्षं नाही म्हणाली. शेवटी थकली. नोव्हेंबरात, मृतांच्या दिवशी मिस्सा घालायची असं ठरलं, फादरांना सांगून झालं. काळी साडी आणली ती आईनेच. त्या रात्री आमच्या घरात कुणी जेवलं नाही.

आणि नेमका त्याच आठवड्यात पिक्चर आला. अख्खं बंदर थिएटरात. मावशीला मी जवळजवळ ओढून नेलं. म्हटलं, भाच्याला पडद्यावर बघ, जरा मन रमेल. जाळ्याचा सीन आला तसं पोरांनी शिट्ट्या मारायला सुरुवात केली — तो बघ जॉन, तो बघ इनास. कॅमेरा रांगेवरून सरकत सरकत माझ्यापर्यंत आला. मी स्वतःलाच बघत होतो, खोटं कशाला बोलू. तेवढ्यात मावशीने माझा दंड असा धरला की नखं रुतली.

"तुज्या पलीकडं बग," ती म्हणाली.

माझ्या पलीकडे मावसा बसला होता. तेच पट्ट्यांचे कपडे, दाढी वाढलेली, गालफडं बसलेली. माझ्या हातातल्या जाळ्याचं दुसरं टोक त्याच्या मांडीवर होतं. अंगठ्यात जाळं ताणलेलं. त्याने मान वाकडी केली आणि दाढेने दोरा तोडला... आणि सीन बदलला.

पुढचा पिक्चर मी बघितला नाही. मावशी मात्र रडत होती आणि हसत होती, दोन्ही एकदम. दुसऱ्या दिवशी थोरल्या भावालाही नेलं. त्याने बघितलं आणि तिथेच क्रूसाची खूण केली. सगळ्यांना मात्र तो दिसला नाही, काही जण म्हणाले की सावली आहे.

मावशी मात्र पहिल्या दिवशीच थिएटरातून थेट फादरांकडे गेली होती. मी बरोबर होतो.

"फादर, मिस्सा नको. माजा नवरा जेलात हाय."

फादरांनी विचारलं, कुठल्या जेलात?

"ते मना नाय ठाव. पन बसून जालं शिवतोय."

फादर मोठे भले माणूस. हसले नाहीत. म्हणाले की बोटी भरकटून सरहद्दीपलीकडे जातात, पकडल्याही जातात, आपण निदान विचारू. तोपर्यंत आमच्यापैकी कुणाच्याही डोक्यात हे आलं नव्हतं. मालकाने बुडाली म्हटलं, आम्ही बुडाली मानलं. फादरांनी दिल्लीपर्यंत अर्ज धाडले. काळी साडी मावशीने आईला परत केली आणि म्हणाली, तुलाच ठेव, तुजा नवरा म्हातारा हाय. माझे वडील तिथेच बसले होते.

वर्ष-दीड वर्ष गेलं, आणि एका सकाळी हवालदार अंगणात आला. मावसा जिवंत होता. पलीकडच्या जेलात होता. बोट बुडालीच नव्हती, पकडली गेली होती. काही महिन्यांनी सुटून आला तेव्हा वसई स्टेशनवर आम्ही इतके जण गेलो होतो की लोकांना वाटलं कुणी पुढारी येतोय. मावशीने चार वर्षं साठवलेल्या शिव्या त्याला तिथेच, प्लॅटफॉर्मवर दिल्या. तो हसत उभा होता. मग तिने त्याचं तोंड दोन्ही हातांत धरलं आणि पुढे तिला बोलता येईना.

जेलबद्दल मावसा बोलायचा नाही. एवढंच कळलं की तिथल्या व्हॉलीबॉलची फाटकी जाळी त्याने एकदा शिवून दिली, मग साहेब लोक कुठून कुठून जाळी आणून त्याच्यासमोर टाकायला लागले. टीव्हीवर जेलचा पिक्चर लागला की तो उठून जायचा. मी एकदा विचारलं, खरं जेल असंच असतं का रे? तो म्हणाला, पिक्चरमधे सारखं काहीतरी होतं. आत काही होतच नाही, तेच सोसत नाही.

पुढे व्हिडिओ आले आणि मला त्या पिक्चरची कॅसेट मिळाली. मावसा बघायला तयार नव्हता. मावशी म्हणाली, माज्यासाठी एकदा बस. एका रविवारी दुपारी मी तो सीन लावला आणि मावसा पडद्यावर आला तसं पॉझ केलं. मला वाटलं हा दचकेल, घाबरेल. पण तो स्वतःकडे बघतच नव्हता. उठून टीव्हीजवळ गेला आणि स्वतःच्या पलीकडे, काचेच्या अगदी कडेला बोट ठेवलं.

"लखू," तो म्हणाला. "हा लखू आमचा."

खरंच, तिथे अर्धवट दिसणारा एक माणूस होता. त्याचा खांदा मावशाच्या खांद्याला टेकलेला. मी तो सीन इतक्यांदा बघितला होता, पण मावशाच्या पलीकडे कधी नजरच गेली नव्हती.

मग मावसा बोलला. इतकी वर्षं बोलला नव्हता ते सगळं. लखू सौराष्ट्रकडचा खलाशी, त्याच बोटीवरचा. मावशाला ताप आला तेव्हा महिनाभर याने त्याला भरवलं, स्वतःची रोटी अर्धी करून. सुटायच्या आधीच्या थंडीत लखू तिथेच गेला. मागे रडायला त्याला कुणी नव्हतं. सांगता सांगता मावसा लहान पोरासारखा रडायला लागला, आणि जिची जीभ कधी थांबली नाही ती मावशी गप्प, नुसती त्याच्या पाठीवरून हात फिरवत राहिली.

हे सगळं कसं झालं ते मला विचारू नका. मागून जोडलं असेल म्हणाल, तर त्याच शॉटमध्ये शेजारी माझं स्वतःचं तोंड आहे आणि दोघांच्या हातात एकच जाळं. युनिटच्या मॅनेजरला गाठून विचारलं, तोही म्हणाला की रांगेत तुम्हीच शेवटचे. पिक्चरचं नावही विचारू नका. तुम्ही पॉझ करून, गोल काढून ते चित्र गावभर फिरवाल, आणि तो माझा मावसा आहे. टीव्हीचं झाकण मी हजार वेळा उघडलं असेल. याचं उत्तर आत सापडलं नाही.

दुसऱ्या दिवशी मावशी पुन्हा फादरांकडे गेली. फादर आता नवे होते, तरुण. मिस्सा कुणासाठी म्हणून त्यांनी विचारलं, तिने लखूचं नाव सांगितलं. ते म्हणाले, हा ख्रिस्ती होता का? तुमच्या नात्यातला?

"नाय," मावशी म्हणाली. "माज्या मानसाच्या बाजूला बसला व्हता."