सत्यवानचा वाटा

सत्यवानने सेनेगलमध्ये मासे सुकवणाऱ्या बायका कॅमेऱ्यात टिपल्या, व्हिएतनामचे फुटपाथवरचे न्हावी टिपले, पेरूची मिठागरं टिपली. वीस वर्षं देशोदेशींच्या माणसांचं रोजचं जगणं दाखवत फिरला. नियम एकच, आपण कशाला हात लावायचा नाही. हे तो तारकर्लीला घरी येऊनही ऐकवायचा आणि मला तिडीक यायची. आमच्या रापणीत, म्हणजे सगळ्यांनी मिळून किनाऱ्यावरून जाळं ओढायच्या मासेमारीत, दोराला हात लावेल त्याला मासळीचा वाटा मिळतो. नुसतं बघणाऱ्याला काही नाही.

यंदा तो आमची रापण टिपायला आला. त्याच सकाळी बाहेरची एक मोठी मशीनवाली बोट आत घुसली आणि आमचं जाळं फाडून गेली. आम्ही होडीने पाठलाग केला, तर त्यांचा एक खलाशी पाण्यात पडला. त्याला केसांना धरून वाळूवर ओढत आणलं. सत्यवानच्या थोरल्या भावाने, गुरुप्रसादने, वल्हं उचललं. पहिला तडाखा खांद्यावर, दुसरा तोंडावर. दात वाळूत पडले. मीही दोन लाथा घातल्या, खोटं कशाला सांगू!

खलाशी सरपटत गेला आणि कॅमेऱ्याचा स्टँड धरून म्हणाला, "वाचवा हो." सत्यवानने त्याची बोटं सोडवली, एक पाऊल मागे झाला आणि चित्रण चालूच ठेवलं. वल्हं मोडलं तेव्हाच गुरुप्रसाद थांबला. खलाशाला रिक्षात घालून दवाखान्यात पाठवलं.

फाटक्या जाळ्यातून उरलेली मासळी म्हाताऱ्या दाजीने वाटली. चार बांगडे सत्यवानपुढेही ठेवले.

"माका कित्याक? मी दोर खंय ओढलंय?"

दाजी म्हणाला, "त्याका मारताना आडवो तरी खंय इलंस? तुझोय हात लागलो. घे."

दुपारी फोन आला, खलाशी मेला. गाव तोंड उघडणार नव्हतं. पुरावा एकच होता, कॅमेऱ्यातला. गुरुप्रसादने धाकट्या भावाचे पाय धरले. "सत्या, ता पुसून टाक रे. माजी पोरां ल्हान आसत."

सत्यवान रडला आणि मालवणला निघाला. त्याला अडवायला मी मागोमाग पोलीस ठाण्यात पोचलो. त्याने टेबलावर कॅमेऱ्यातलं कार्ड ठेवलं, शेजारी दाजीने दिलेल्या चार बांगड्यांची पिशवी.

"कोणी मारलं?" हवालदाराने विचारलं.

"माझ्या भावाने. गुरुप्रसादने. आणि माझंही नाव लिहा."

"तुम्ही तर चित्रण करत होता ना?"

"मला वाटा मिळालाय," सत्यवान म्हणाला आणि पिशवी पुढे सरकवली.

मग त्याने दारातल्या माझ्याकडे बघितलं. मी चपला काढल्या आणि माझ्या दोन लाथा सांगायला आत गेलो.