रविवारच्या सिनेमातला भोंगा

काल नातवाने मोबाइलवर एका विदेशी सिनेमाचे संगीत लावले अन् मी उठून दाराकडेच गेलो. तो म्हणाला, हे चेकोस्लोव्हाकियाच्या एका माणसाने केले, जन्मभर सिनेमा अन् टीव्हीसाठीच संगीत देत होता. मी म्हटले, ओळखतो त्याले. तुझ्या आजीचा जीवच घेतला असता त्याने एकदा.

ऐंशीनंतरची गोष्ट. आम्ही जवाहरनगरच्या क्वार्टरात राहायचो. तिथल्या दारूगोळ्याच्या कारखान्याचा भोंगा पाळी बदलतानाच वाजायचा. अवेळी वाजला तर आत काही झाले समजायचे, अन् बाया गेटकडे धावायच्या.

एका रविवारी दुपारी मी शेजाऱ्याकडे टीव्हीवर हाच सिनेमा पाहून राहिलो होतो. संगीत खालून चढत गेले अन् वरच थांबले, हुबेहूब भोंगा. अंगणात बायको तांदूळ निवडत होती. आमचा बबन ओव्हरटाइमले आत होता. सूप टाकून ती अनवाणीच पळाली.

"अवं, टीव्ही होय तो!" मी ओरडलो.

"माहा पोरगा आत आहे!"

आवाज टीव्हीचा, हे मले पक्के ठाऊक होते. तरी मीही तिच्यामागे धावलो. धूर दिसते काय म्हणून मी आभाळच पाहत राहिलो.

गेटवरच्या चौकीदाराने सांगितले, काही झाले नाही. ती हलली नाही. पाळी सुटली, बबन डबा हलवत बाहेर आला.

"काहून वं माय, इथं उभी?"

तिने आधी त्याच्या पाठीत धपाटा घातला. मग त्याचे दोन्ही हात धरून एकेक बोट पाहिले.

पुढे ती वारली. आता मी बाहेरून घरी आलो, तर असे पाहणारे कोणी नाही.