ओळखीच्या बाई

गेल्या मार्गशीर्षातल्या शेवटच्या रविवारी, दुपारी साडेबाराला, सांगलीत विश्रामबागच्या एका हॉलमध्ये माझ्या सुशीला आत्यावर अन्याय झाला. करणारे माझे अप्पा, तिचे सख्खे थोरले भाऊ. बघत उभी राहिलेली मी. म्हणून लिहितेय, आष्ट्यात राहिलेल्यांना आणि माझ्यासारख्या बाहेर पडलेल्यांनाही.

मी आष्टा सोडलं तेव्हा एसटीच्या खिडकीशी येऊन अप्पा म्हणाले होते, "मुंबईत कुठंबी ऱ्हा, फकस्त तिच्याकडं नगं." मी सरळ तिच्याकडेच गेले. गोरेगावात एक खोली, त्यात आत्या. टीव्ही नवा होता तेव्हा ती त्यावर कामं करायची. चुकलं की सगळा प्रवेश पहिल्यापासून, म्हणायची. टेपा महाग, जुन्यावरच नवं भरायचं. तिच्या कामाचा एक तुकडाही आज उरलेला नाही.

गावात मात्र सगळ्यांना आठवतं. तेव्हा आमच्या गल्लीत टीव्ही एकच, मास्तरांच्या सोप्यात. मुंबईत शिकणाऱ्या आत्याचं लग्न म्हसवडला ठरलेलं. आणि पडद्यावर ती दिसली मंगळसूत्र घालून, परक्या पुरुषाच्या ताटात भाकरी वाढताना! आठ दिवसांत म्हसवडची माणसं दारात. "एकदा संसार केलेली पोरगी आमाला नगं." अहो, मंगळसूत्र मेकअपवाल्याच्या डब्यातलं होतं! पण ऐकतो कोण? सोयरीक मोडली. आत्याचं लग्न कधीच झालं नाही.

माझ्या भावाच्या साखरपुड्याला, सांगलीच्या त्या हॉलमध्ये, मीच तिला हट्टानं आणलं. व्याह्यांनी विचारलं, "ह्या कोण?" अप्पांचा चेहरा उतरला. म्हणाले, "ह्या मुंबईच्या. आमच्या पोरीच्या ओळखीच्या बाई."

मी पत्रकं लिहिते, मोर्चात माईक धरते. तिथं माझा आवाज फुटला नाही. सोयरीक पुन्हा मोडेल ही भीती मलाही होती, लिहून ठेवा.

आत्या हसली. "किती छान हॉल आहे हो तुमच्याकडे!" दुपारभर ती शहरी बाई झाली. 'आहे'च्या जागी आष्ट्याचा 'हाय' एकदाही तोंडून निसटला नाही. पाहुण्यांच्या पंगतीत जेवली. भाच्याशी हात मिळवून 'अभिनंदन' म्हणाली. भावाला 'पाटीलसाहेब' म्हणाली.

गाडीत बसल्यावर मला विचारलं, "काम बरं झालं का गं? कुटं चुकलं न्हाई न्हवं?"

तेव्हापासून अप्पा फोनवर "घरी कवा येतीस?" विचारतात आणि मी कामाचं निमित्त सांगते. त्यांच्यावर जीव आहे माझा. पण बहिणीला पाहुणी करून जेवू घालणारं ते घर, आणि माझी मान वर होत नाही ती गोरेगावची खोली. दोन्हीकडे मी उपरी झालेय.

लग्न आष्ट्यातच आहे, पुढच्या महिन्यात. भाऊ म्हणाला, "आण आत्याला. हुईल ते हुईल." आत्या म्हणते, "आता न्हाई जमायचं मला." तरी आणणार आहे. पहिली हाक मी मारीन, पण एकटीची पुरायची नाही. मास्तरांच्या सोप्यात बसून तिला बघणारे तुम्ही, मांडवात या. व्याह्यांदेखत, मोठ्यानं म्हणा, "सुशे, कवा आलीस गं?"

म्हणाल ना?