एवेलिओनं गाळलेली दोन पानं

ओब्दुलिया कार्रासाना रागीट होती, असं सांता रेहिना गावात कुणीही सांगायचं. का रागीट होती, ते मात्र कुणी विचारत नसे, कारण ते सगळ्यांना माहीत होतं. माहीत असून माणसं अशा बाईला फटकळ म्हणतात आणि आपली सुटका करून घेतात.

साठीला टेकलेली बाई. चिरुटांच्या कारखान्यात खिडकीकडची जागा, हात विलक्षण स्वच्छ, वळलेला चिरूट पाहून कुणी नाव ठेवायची सोय नाही. पण शेजारच्या बाकावरून कुणी "जरा डिंक दे गं" म्हटलं तरी ती डिंकाची वाटी अशी सरकवायची की मागणाऱ्याला आपण काहीतरी चोरलं असं वाटावं. लग्न केलं नाही. म्हणजे दोनदा ठरलं आणि दोनदा पलीकडच्या घरातून निरोप आला. निरोपात कारण नसायचं. कारण गावात मोकाट फिरत होतं: ही लेओकादिओची मुलगी. खबऱ्याची पोर.

पंचावन्न वर्षांपूर्वी, हुकूमशहाच्या दिवसांत, चिरूट वळणाऱ्यांनी मोठा संप केला होता. संपाच्या समितीतली चार माणसं एका पहाटे लपल्या जागेवरून उचलली गेली. दोघं तुरुंगातच मेली. जागा कुणीतरी सांगितली होती हे उघड होतं, आणि लेओकादिओ कार्रासानाला आदल्या संध्याकाळी शिपायांच्या ठाण्यातून बाहेर पडताना लोकांनी पाहिलं होतं. झालं. त्यानंतर तो जगला तेवढी वर्षं कुणी त्याच्या शेजारी बसून कॉफी प्यायलं नाही. मेला तेव्हा शवपेटी उचलायला माणसं पुरेनात, म्हणून आठ वर्षांच्या ओब्दुलियानं एका कोपऱ्याला हात लावला. मग क्रांती झाली, मालक पळाले, कारखाना सरकारचा झाला, रस्त्यांची नावं बदलली. तिचं नाव तेवढं बदललं नाही.

आता कारखान्याबद्दल. चिरूट वळण्याच्या लांबलचक दालनाला तिथं गालेरा म्हणतात, आणि गालेऱ्यात सगळ्यांना दिसेल अशा उंच ओट्यावर वाचक बसतो. हात कामात असतात, कान रिकामे असतात, म्हणून वाचक मोठ्यानं वाचतो. सकाळी वर्तमानपत्र, दुपारी कादंबरी, आणि मधल्या वेळात, जेवणाआधी, ज्ञानाचं पुस्तक. हे पुस्तक लोक हात वर करून निवडतात. सरकारी छापखान्यातून निघणारी, पिवळट कागदाची, स्वस्तातली पुस्तकं: देवमासा श्वास कसा घेतो, इजिप्तच्या राजांची मढी कुजत का नाहीत, चंद्रावर हवा का टिकली नाही. त्या गालेऱ्यात शाळा अर्धवट सोडलेल्या बाया रक्ताच्या गटांवरून हमरीतुमरीवर यायच्या. मुंग्यांचं पुस्तक चालू होतं तेव्हापासून व्यवस्थापकाला पाठीमागं सगळे राणीमुंगी म्हणत, कारण तोही बसल्या जागी फुगत होता आणि त्याला भरवायला चार जण होते.

पुस्तक आवडलं की लोक चावेता लाकडी पाटावर आपटतात. चावेता म्हणजे पान कापायची अर्धगोल पाती, प्रत्येकाची आपापली. पन्नास पात्या एकदम वाजल्या की वाचकाच्या अंगावर मूठभर मांस चढतं. आणि नावडलं, वाचक चुकला, तर चावेता खाली फरशीवर टाकायची. हा अपमान असतो. एवेलिओ मोंतेआगुदो वीस वर्षं त्या ओट्यावर होता आणि त्याच्यासाठी कुणी पाती टाकली नव्हती. गोड गळ्याचा, मऊ मनाचा माणूस. कादंबरीत लेकरू मरायचं असलं की तो बायकांना आदल्या दिवशी सांगून ठेवायचा, म्हणजे रुमाल घेऊन येतील.

त्या वर्षी प्रांतातल्या दोन शाळामास्तरांनी संपाचा इतिहास लिहिला. पातळसं पुस्तक. ओब्दुलियाच्या भाच्यानं ते तिला आणून दिलं आणि काही न बोलता निघून गेला. तिनं ते स्वयंपाकघरात उभ्यानं वाचलं. पाचव्या प्रकरणाच्या शेवटी दोन पानं होती. लेओकादिओ त्या संध्याकाळी ठाण्यात गेला होता, हे खरं. तिथं त्याचा भाऊ कोंडलेला होता आणि तो त्याला भात आणि काळा घेवडा द्यायला गेला होता. लपायची जागा सांगितली ती एल्पिदिओ सार्दुईनं. ठाण्यातल्या एका शिपायानं म्हातारपणी मास्तरांना स्वतः सांगितलं होतं, आणि दुसऱ्या शिपायानं दुजोरा दिला होता.

एल्पिदिओ सार्दुई म्हणजे ज्याच्या नावाची गल्ली आहे तो. तुरुंगात मेलेल्या दोघांच्या मयतीला ज्यानं भाषण केलं तो. त्याची मुलगी आम्पारो गालेऱ्यात ओब्दुलियापासून तिसऱ्या बाकावर बसायची. महिन्याभरानं निवृत्त व्हायची होती, आणि तिच्या निरोपासाठी केक कोण आणणार यावर आत्तापासून भांडणं होती. मायाळू बाई म्हणून आम्पारोची ख्याती. ती ओब्दुलियालाही कधी वाईट बोलली नाही. उलट चारचौघांत म्हणायची, "अगं, बापानं केलं त्यात हिचा काय दोष?" प्रत्येक वेळी हे ऐकून ओब्दुलियाच्या हातातलं पान फाटायचं. उघड शिवी दिली तर उलट शिवी तरी देता येते.

आता कुणी म्हणेल, पुस्तक हातात होतं तर गावभर दाखवायचं. पण सांता रेहिनात घरी बसून कोण वाचतं? आणि तिनं दाखवलं असतं तर लोक म्हणाले असते, बघा, बापाची कड घेतेय. तिच्या बापाची बदनामी गालेऱ्यात झाली होती, तोंडातोंडी, पाटापाटावर. ती पुसायची तर गालेऱ्यातच, वाचकाच्या तोंडून, सगळ्यांचे कान उघडे असताना. तिला बाकी काही नको होतं.

मग जन्मात कुणाला गोड न बोललेल्या बाईनं मतं गोळा केली. समोर ज्वालामुखींचं पुस्तक होतं आणि त्याला तरुण पोरांचा पाठिंबा होता. ओब्दुलिया बाकाबाकावर गेली, हसायचा प्रयत्न केला, त्यानं दोघी घाबरल्या. "आपल्याच आज्यापणज्यांचा संप आहे," ती म्हणाली, "आणि तुम्हाला लांबच्या डोंगरांची राख पाहिजे?" थोडक्यात का होईना, संप जिंकला. आम्पारोनंही त्यालाच मत दिलं, वडिलांचं नाव ऐकायला मिळेल म्हणून. ओब्दुलियाला हे दिसत होतं. पुढं काय होणार तेही माहीत होतं. तिला दया आली नाही, आणि ती यायला हवी होती असं मला तरी वाटत नाही.

दोन आठवडे वाचन रंगलं. एल्पिदिओचं नाव आलं की पात्या वाजायच्या आणि आम्पारो डोळे पुसायची. मग पाचवं प्रकरण आलं. पहाट, लपलेले चौघं, दारावरच्या लाथा. एवेलिओनं आवाज असा उतरवला की हात थांबले. एवेलिओनं पाण्याचा घोट घेतला, पान उलटलं आणि वाचायला लागला, "प्रकरण सहावं. पुढच्या वर्षी तंबाखूचं पीक चांगलं आलं."

तिला आधी वाटलं, दोन पानं एकदम उलटली गेली. येईल लक्षात, येईल मागं. तो पिकाबद्दल वाचत राहिला, नेहमीपेक्षा जरा भरभर, आणि नेहमी गालेऱ्यावरून फिरणारी त्याची नजर पुस्तकातून वर येईना. तेव्हा तिला कळलं. तिनं चावेता उचलली, हात लांब केला आणि फरशीवर सोडली.

त्या आवाजानं एवेलिओ अर्ध्या शब्दावर थांबला. माना वळल्या. ओब्दुलिया बसल्या जागेवरून म्हणाली, "पानं गाळलीस."

एवेलिओ म्हणाला की चिकटली असतील, आणि जेवणाची सुट्टी आताच करू या. सुट्टीत तो तिला अंगणात कॉफीच्या पिंपाशी घेऊन गेला. इकडेतिकडे बघत, हळू आवाजात त्यानं समजावलं. आम्पारोचं हृदय नाजूक आहे. महिन्याभरानं ती घरी जाणार. शेवटच्या दिवसांत बापाबद्दल असलं ऐकायला लागलं तर कोसळेल. सत्य काही पळून जात नाही, पुस्तक आहेच, ज्याला वाचायचं तो वाचेल.

"म्हणजे तू वाचलीस ती पानं," ओब्दुलिया म्हणाली.

"वाचली म्हणूनच तर. मला काय कमी वाईट वाटलं? पण माणुसकी म्हणून काही असतं की नाही, बाई?"

ओब्दुलियानं कॉफीचा पेला खाली ठेवला. एवेलिओला मारायची तिची फार इच्छा होती, पण ती नुसती बोलली, आणि पिंपाजवळची माणसं लांब सरकली.

"तुझी माणुसकी इतकी वर्षं कुठं होती रे? तू ओट्यावर बसायला लागलास तेव्हा मी चाळिशीतही नव्हते. या संपाची गोष्ट तू चार वेगवेगळ्या पुस्तकांतून वाचलीस. प्रत्येकात माझ्या बापाचं नाव होतं. एकदा तरी गाळलंस? मला हृदय नाही? बायांना रुमाल आणायला सांगतोस, मला कधी सांगितलंस, उद्या घरी राहा म्हणून?"

ते कधी एवेलिओच्या मनातच आलं नव्हतं, हे त्याच्या तोंडावर दिसत होतं, आणि तेच सगळ्यात वाईट होतं. तो दुष्ट असता तर तिला बरं वाटलं असतं.

वाचलेल्या पुस्तकात मागं जायचं तर गालेऱ्याचं मत घ्यावं लागतं. सुट्टीनंतर ओब्दुलिया वाचन समितीच्या सेसिलिओ काकांकडे गेली आणि मत मागितलं. काकांनी उभं राहून विचारलं की वाचकानं गाळलेली पानं वाचायची का. लोक गोंधळले. ती पानं लेओकादिओबद्दलच असणार, एवेलिओनं हिच्यावर दया करून गाळली असणार, आणि ही वेडी बाई ती वाचा म्हणतेय, असा सगळ्यांचा समज झाला. हात वर जाईनात. तेव्हा आम्पारो उठली. तिनं ओब्दुलियाकडे मायेनं पाहिलं आणि म्हणाली, "वाचा, एवेलिओ. तिची तयारी असेल तर आपण कशाला अडवायचं? खरं आहे ते ऐकायलाच पाहिजे." आणि पहिला हात तिनं वर केला. मग बाकीचे सगळे.

एवेलिओनं वाचलं. त्याचा गोड गळा त्या दिवशी घोगरा झाला होता. भात आणि काळा घेवडा आला तेव्हा कुणीतरी नाक ओढलं. एल्पिदिओचं नाव आलं तेव्हा सवयीनं एक पाती पाटावर आपटली आणि दुसरी मध्येच थांबली. आम्पारो उभीच होती. तिनं वळायला घेतलेलं पान हातात चुरत चुरत त्याचा चुरा केला, मग पिशवी उचलून भिंतीच्या कडेकडेनं बाहेर गेली. तिला काही झालं नाही. ती कोसळली नाही. कोसळत नसतात माणसं, ओब्दुलिया हे सांगू शकली असती.

त्या संध्याकाळी फाटकापाशी ओब्दुलियाभोवती गराडा पडला. मला तर कधीच खरं वाटलं नव्हतं, एक म्हणाली. माझी आई म्हणायची, लेओकादिओ तसा नव्हताच, दुसरी म्हणाली. जिच्या घरून एकदा लग्न मोडल्याचा निरोप आला होता, ती म्हातारी तर तिच्या गळ्यात पडली. ओब्दुलियानं तिचे हात काढून बाजूला केले आणि घरी गेली. इतकी वर्षं जी गोष्ट हवी होती ती मिळाली होती, आणि ताट तिनं तसंच झाकून ठेवलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्पारो कामावर आली. महिना भरायचा होता, न येऊन करते काय? मान खाली घालून ती बाकाकडे निघाली. वाटेतल्या एकीनं आपली पिशवी जवळ ओढली. आणि मागच्या रांगेतला राउदेल, ज्वालामुखीवाल्यांपैकी एक, ओब्दुलियाला खूश करायला तिच्याकडे बघून हसला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "आली बघा, खबऱ्याची पोर."

दोनचार जण हसले. गालेरा ओब्दुलियाकडे बघत होता. आता तिची पाळी होती, तिनं हसायला हवं होतं.

ओब्दुलिया उठली. तिनं आम्पारोकडे पाहिलंसुद्धा नाही, तिच्याबद्दल तिला माया आली नव्हती आणि पुढंही आली नाही. ती राउदेलकडे, मग पिशवी ओढणाऱ्या बाईकडे, मग फाटकापाशी गळ्यात पडलेल्या म्हातारीकडे वळली.

"एल्पिदिओनं चार माणसं धरून दिली," ती म्हणाली. "ते त्यानं केलं आणि तो मेला. माझ्या बापाची पेटी उचलायला कुणी आलं नाही, माझं लग्न दोनदा ठरून मोडलं, माझ्या शेजारी कुणी बसलं नाही. ते एल्पिदिओनं नाही केलं. ते तुम्ही केलंत. तुमच्यातले अर्धे अजून जिवंत आहेत, इथं बसलेत, आणि कालपासून मला सांगताहेत की त्यांना कधी खरं वाटलंच नव्हतं. खरं वाटत नव्हतं, आणि तरी केलंत?"

कुणी पाटावर पाती वाजवली नाही. म्हातारीनं डोळे मिटून घेतले. ओट्यावर एवेलिओ वर्तमानपत्र उघडून बसला होता, ते त्यानं घडी करून बाजूला ठेवलं. ओब्दुलिया खाली बसली, तिनं पानांची जुडी पुढं ओढली, आणि त्या सकाळी गालेऱ्यात बराच वेळ फक्त तिच्या एकटीच्या कामाचा आवाज येत राहिला.